ग्रहणफळी आणि परकराचा नाडा

आजच्या समारंभाचे आणि संग्रहालय समितीचे अध्यक्ष, आपल्या शाळेचे माजी मुख्याध्यापक, माननीय सर. राजधानीच्या मोठ्या संग्रहालयातून मुद्दाम आलेल्या प्रमुख पाहुण्या, आदरणीय ताई. आजचे सत्कारमूर्ती, आपल्या संग्रहालयातून निवृत्त होणारे, ज्यांना पगारपत्रकात अभिरक्षक म्हणतात आणि गल्लीतली पोरं नका-काका म्हणतात, ते आपले काका. एकतीस वर्षं त्यांचा डबा आणि त्यांचा स्वभाव दोन्ही सांभाळणाऱ्या आमच्या काकू. पहिल्या रांगेत चाकांच्या खुर्चीत बसलेल्या माझ्या सासूबाई. समितीचे सर्व सभासद, आणि समोर दाटीवाटीने बसलेल्या माझ्या बंधूंनो आणि भगिनींनो, आपणां सर्वांना माझा नमस्कार. परमेश्वराचं स्मरण करते आणि सुरुवात करते.

सरांनी मला सांगितलं, "महिला प्रतिनिधी म्हणून दोन शब्द बोला." समितीत एक तरी बाई असावी असा नियम वरून आला तेव्हा संग्रहालयाच्या समोरच राहणारी बाई म्हणून माझी निवड झाली. आतापर्यंत सभेत मी तीन वेळा बोलले. दोनदा चहाबद्दल आणि एकदा पंख्याबद्दल. त्यामुळे आजचे दोन शब्द थोडे लांबतील, ते सरांनी साचलेले शब्द म्हणून धरावेत. भाषण पाठकोऱ्या कागदांवर लिहून आणलंय. मध्येच धोब्याच्या कपड्यांची यादी वाचायला लागले तर मला थांबवा.

काकांबद्दल काय सांगू? नवीन माणसांसाठी सांगते. आपलं हे संग्रहालय म्हणजे गोऱ्या साहेबाचा जुना बंगला. साहेबाने एका हिवाळ्यात आपल्या घराघरांतून वस्तू गोळा केल्या. बऱ्याचशा पेट्यांत घालून जहाजाने त्याच्या देशात नेल्या, आणि पेट्यांत मावल्या नाहीत त्या दोनशे चौदा इथे राहिल्या. त्या दोनशे चौदा वस्तूंची काळजी काकांनी एकतीस वर्षं घेतली. कशी घेतली? एका वाक्यावर घेतली. "हात लावू नका."

हे वाक्य त्यांच्या तोंडात इतकं बसलंय, की त्यांच्या मुलीच्या लग्नात ते जेवणाच्या टेबलापाशी उभे राहून आलेल्या पाहुण्यांना म्हणाले, "कृपया हात लावू नका." मुलाकडची माणसं वीस मिनिटं रिकामी ताटं धरून उभी होती. काकू मान हलवताहेत, म्हणजे खरं आहे. वीस नव्हे, पंचवीस? बरं, पंचवीस.

पण काकांचं खरं वैभव म्हणजे मधल्या दालनातलं काचेचं कपाट आणि त्यातली ती ग्रहणफळी. तिच्यापुढे उभं राहून काका जे भाषण द्यायचे ते या हॉलमधल्या निम्म्या लोकांना पाठ असेल. वीतभर लाकडी फळी. तिला अठरा दात, दातांच्या मधे फटी, आणि प्रत्येक दाताला मधोमध एक भोक. काका खिडकीकडे बोट दाखवायचे आणि आवाज खाली आणायचे. "आपले पूर्वज या भोकांतून सूर्याकडे बघत. भोकं अठरा का? कारण अठरा वर्षांनी ग्रहणांचा फेरा परत येतो. आणि चौथ्या दाताला तांब्याची तार का? कारण ती महाग्रहणाची खूण." अंगावर काटा यायचा हो! माझ्याही यायचा. मी नुसती झाडूवाल्या बाईंना किल्ली द्यायला गेले, तरी उभी राहून अख्खं ऐकायची.

हे सगळं साहेबाच्या जाड पुस्तकात छापलेलं आहे. छापलेल्यावरून सरांनी चोवीस पानांची पुस्तिका लिहिली. पुस्तिकेवरून शाळेच्या बिल्ल्यावर फळीचं चित्र आलं, बिल्ल्यावरून चौकाला नाव पडलं, चौकावरून मिठाईच्या दुकानाला. आमच्या घराशेजारचा दवाखानासुद्धा ग्रहण दवाखाना. तिथे कोणी बरं होऊन बाहेर येतं ते खरोखर देवाचीच कृपा.

आता मूळ गोष्टीकडे येते. सर घड्याळ बघताहेत. सर, अजून साचलेलं बरंच आहे.

गेल्या वर्षी संग्रहालयाला उतार बांधला. आजारी, म्हाताऱ्या माणसांनाही आत येता यावं म्हणून. उत्तम काम झालं. पण उद्घाटनाच्या फोटोसाठी चाकांची खुर्ची हवी, आणि खुर्चीत कोणीतरी हवं. समोरच्या घरात दोन्ही तयार होतं. सासूबाईंना नेऊन उतारावर बसवलं, फोटो झाला, टाळ्या झाल्या, आणि सगळे चहाकडे गेले. सासूबाईंना आत मधल्या दालनात कपाटापाशी नेऊन ठेवलं होतं, तिथेच विसरले. मीसुद्धा विसरले, खोटं कशाला बोलू? चहाच्या कपांची मोजदाद माझ्याकडे होती.

सासूबाई या घरात लग्न होऊन आल्या त्याला सत्तर वर्षं झाली. सत्तर वर्षं समोर राहून त्यांनी संग्रहालयात पाऊल टाकलं नव्हतं. का? तो साहेबाचा बंगला होता, आणि आपल्या बायकांनी तिथे जायचं नाही, असं त्यांना आल्या दिवशी सांगितलं होतं. साहेब गेला, त्याचं राज्य गेलं, बंगल्याला आपला रंग लागला, पण सासूबाईंना 'आता जा' असं सांगायचं कोणाच्या लक्षातच आलं नाही.

मी कप मोजून परत आले तर सासूबाई काचेला नाक लावून बसलेल्या. मला म्हणाल्या, "अगं, आपली फळी इथे काय करतेय?"

काका धावत आले. "आजी, काचेला हात लावू नका. ही ग्रहणफळी आहे."

"कसली?"

झालं. काकांनी आवाज खाली आणला, खिडकीकडे बोट दाखवलं, आणि पूर्वजांपासून महाग्रहणापर्यंत सगळं सांगितलं. सासूबाईंनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. काका थांबल्यावर म्हणाल्या, "बरं. आणि नाडा कशावर विणायचा मग?"

हसा, हसा. पण त्या दिवशी काका हसले नाहीत. एकतीस वर्षं ज्या फळीमुळे माणूस रोज सकाळी इस्त्रीचा सदरा घालून आला, तिच्याबद्दल कोणी परकराचा नाडा म्हणालं तर त्याला काय वाटेल? ते मला बाजूला घेऊन हळूच म्हणाले, "वहिनी, आजींचं वय किती?" मी म्हटलं, "शहाऐंशी." तर म्हणाले, "मग चालायचंच."

सासूबाईंना कमी दिसतं, ऐकू मात्र चांगलं येतं. घरात आल्यावर म्हणाल्या, "चौथ्या दाताला तार आहे ना? ती माझ्या आजेसासूबाईंची फळी. दात मोडला होता. त्यांच्या धाकट्या दिराने रागाच्या भरात आपटली होती. सुताराने तार गुंडाळून दिली."

तर महाग्रहणाची खूण ती एवढीच. घरातल्या एका तापट दिराची.

या आजेसासूबाईंना घरात सगळे मोठ्या आई म्हणत. सासूबाई नव्या नवरी होत्या तेव्हा मोठ्या आई अंगणात उन्हाला बसून त्यांना विणकाम शिकवायच्या, आणि शिकवता शिकवता साहेबाची गोष्ट सांगायच्या. सांगताना इतक्या हसायच्या की धागा सुटायचा. ती गोष्ट मी जशी ऐकली तशी सांगते.

साहेब आला, सोबत दुभाष्या आला. ओसरीवर खुर्ची टाकली. घरातले तिघे पुरुष हात बांधून उभे. बायका दाराआड. साहेब एकेक वस्तू उचलायचा आणि विचारायचा, "हे काय?" नांगराचा फाळ सांगितला, तराजू सांगितला, कुलूप सांगितलं. मग त्याला कोनाड्यातली फळी दिसली. "हे काय?"

तिघांपैकी एकालाही माहीत नव्हतं. आता यात नवल काय? रोज जे बांधून आपण बाहेर पडतो ते घरात कसं तयार होतं हे कुठल्या पुरुषाला ठाऊक असतं? समोरच्या रांगेतल्या बंधूंनी उत्तर देऊ नये, भगिनींना हसू आवरणार नाही. बरं, नव्हतं माहीत, तर "आत विचारून सांगतो" म्हणावं की नाही? पण साहेबापुढे, दुभाष्यापुढे, आत बायकांना विचारायचं? नाक कापल्यासारखंच. मोठ्या आई दाराआडून खोकल्या. एकदा, दोनदा. मोठ्या आईंचे यजमान, म्हणजे सासूबाईंचे आजेसासरे, म्हणाले, "आत पाणी द्या कोणी." पाण्याचा तांब्या आला, प्रश्न तिथेच राहिला.

इतक्यात धाकट्याने, त्याच तापट दिराने, फळी उचलून भोकातून बाहेर बघितलं. काहीतरी करायचं म्हणून. बाहेर ऊन होतं. साहेबाचा चेहरा उजळला. "सूर्य?" आजेसासरे म्हणाले, "होय, सूर्य." साहेबाने भोकं मोजली. "अठरा! ग्रहण?" आजेसासरे म्हणाले, "ग्रहणसुद्धा." साहेब भराभरा लिहीत सुटला. "ही पूजेची वस्तू?" "पूजेचीसुद्धा." साहेब जे म्हणेल त्याला 'सुद्धा' लावत गेले आणि उठताना साहेबाने पाठ थोपटली. त्या दिवशी आमच्या घराण्याने खगोलशास्त्रात काय ते नाव काढलं. दाराआड मोठ्या आई कपाळाला हात लावून उभ्या, कारण फळीच्या एका टोकाला नव्या नाड्यासाठी ओवायला घेतलेले धागे होते. साहेबाने धागे ओढून काढले आणि फळी पेटीत घातली.

माणूस वाईट नव्हता म्हणे. हसून बोलायचा, पोरांना खाऊ द्यायचा. फक्त त्याला उत्तर आधीपासून माहीत असायचं. आणि आपल्या माणसांना 'मला माहीत नाही' हे तीन शब्द सोडून सगळं म्हणता यायचं.

मोठ्या आईंनी दुसरी फळी करून घेतली, पुढे सासूबाईंना दिली. तोवर जहाजातून गिरणीच्या पट्ट्या यायला लागल्या होत्या. पांढऱ्या, एकसारख्या, स्वस्त. पूर्वी प्रत्येक घरची वीण वेगळी असायची. धुणं वाळत घातलं की नाड्यांवरून कळायचं, हे कोणाचं घर. बायका नाडे, पट्टे, पिशव्यांचे बंद विणून बाजारात विकायच्या. ते विणणं बंद करा असा हुकूम कोणी काढला नाही हो. शाळेत मुलींच्या पिशवीला घरी विणलेला बंद दिसला की बाकीच्या हसायच्या, तेवढं पुरलं. सासूबाई सांगतात, "मीच पहिल्यांदा गिरणीची पट्टी आणली. मला वाटलं, सुधारले." मग इलॅस्टिक आलं आणि फळी माळ्यावर गेली.

आणि माळ्यावरून कुठे गेली? हे मी कोणाला सांगितलं नव्हतं. आज काकांचा सत्कार आहे, तेव्हा आपलीही चूक कबूल करावी. बावीस वर्षांपूर्वी आम्ही स्वयंपाकघर नवीन केलं. ओटा, कपाटं, मिक्सर. मला माळा मोकळा हवा होता. जुन्या लाकडी सामानाबरोबर ती फळी मी मोडीत देऊन टाकली. सासूबाईंना विचारलं नाही. त्यांनी संध्याकाळी माळ्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि जपाची माळ घेतली. मी मनात म्हटलं, अडगळ गेली. साहेबाला आपण नावं ठेवतो, पण त्याने निदान काचेत ठेवली. मी तर तेवढंही केलं नाही.

असो. पुढे काय झालं ते ऐका, कारण आजच्या सत्काराचा खरा अर्थ मी इथे मानते.

काकांना झोप... नाही, झोपेचं काकू सांगतील. मला एवढं माहीत आहे की त्या दिवसानंतर काका दर दोन-चार दिवसांनी रस्ता ओलांडून आमच्याकडे यायला लागले. हातात साहेबाचं पुस्तक. सासूबाई शेंगा सोलत बसायच्या आणि काका विचारायचे.

"आजी, पुस्तकात म्हटलंय भोकं बरोबर अठराच."

"नाडा अरुंद हवा तर अठरा. पट्टा हवा तर चोवीस. पिशवीचा बंद असेल तर बारासुद्धा चालतात."

"पण पुस्तकात फळीवर धुराचे डाग आहेत असं लिहिलंय. पूजेत धूप दाखवत असणार."

"चुलीशेजारी ठेवायचो रे. वाळवी लागू नये म्हणून."

"आणि ह्या कडेला घासल्याची खूण?"

"मांडीला टेकते तिथे."

शेवटी एक दिवस सासूबाई म्हणाल्या, "पुस्तक पुरे झालं. फळी आण, दाखवते." काका म्हणाले, "आजी, काचेबाहेर काढायची परवानगी नाही." सासूबाई म्हणाल्या, "मग साहेबाला विचार." त्यानंतर दोन महिने काका आले नाहीत.

मग राजधानीहून पत्र आलं, की फळी मोठ्या संग्रहालयात कायमची न्यायची आहे. आपल्या ताई तिला घ्यायलाच आल्या आहेत, उद्या सकाळी ती निघेल. तिथे ती तिजोरीसारख्या काचेत राहील, आणि तिच्याखाली जी ओळ लागेल ती सगळ्या पुस्तकांत छापली जाईल. पत्र आल्यावर दुसऱ्याच सोमवारी, संग्रहालयाच्या सुट्टीच्या दिवशी, दुपारी तीन वाजता आमची कडी वाजली. काका दारात. म्हणाले, "वहिनी, आजींना घेऊन या. सुती धागा असेल तर तोही आणा. आणि कोणाला सांगू नका."

आज सांगतेय. निवृत्त माणसावर कारवाई होत नसते, मी चौकशी केली आहे.

कपाटाचं कुलूप उघडेना. एकतीस वर्षांत काकांनी काच बाहेरूनच पुसली होती, कुलपाला किल्ली कधी लावलीच नव्हती. तेल घातलं, उघडलं. काकांनी पांढरे हातमोजे घातले आणि फळी सासूबाईंच्या मांडीवर ठेवली. सासूबाईंनी आधी ती पदराने पुसली. काकांच्या तोंडून "हात ला..." एवढं बाहेर पडलं, बाकीचं त्यांनी गिळलं.

आता विणायचं तर उभ्या धाग्यांचं एक टोक विणणारीच्या कमरेला बांधतात आणि दुसरं खुंटीला. काका म्हणाले, "खुंटी नाही. जुन्या भिंतीला खिळा मारता येत नाही." सासूबाईंनी दालनभर नजर फिरवली आणि म्हणाल्या, "मग तू बस."

बंधूंनो आणि भगिनींनो, हे आपले अभिरक्षक, इस्त्रीच्या सदऱ्यात, हातमोज्यांसकट जमिनीवर मांडी घालून बसले, आणि मी त्यांच्या कमरेला छत्तीस धागे बांधले. दोन तास हा माणूस खुंटी होऊन बसला होता!

सासूबाईंच्या हातात चमचा थरथरतो. कप मी धरते तेव्हा चहा पितात. पण एक धागा भोकातून, एक फटीतून असे सगळे धागे मी ओवून दिले, त्यांनी फळी वर उचलली, भोकातले धागे वर आले, मधून आडवा धागा गेला, फळी खाली दाबली, पुन्हा आडवा धागा, आणि हात थरथरायचे थांबले. तोंड मात्र सुरू झालं. "हलू नकोस. पोट आत घे, ताण सैल होतोय. खोकायचं असेल तर आधी सांग." काकांनी विचारलं, "आजी, किती ओळी झाल्या?" तर म्हणाल्या, "खुंट्या बोलत नसतात."

वीतभर विणून झाल्यावर काका हळूच म्हणाले, "एकतीस वर्षं मी लोकांना खोटं सांगितलं." त्यावर सासूबाई म्हणाल्या, "फार छान सांगायचास. मला तर आवडलं. पण आता खरं सांग, तेही छान सांगशील."

मग त्यांनी तारेवरून बोट फिरवलं आणि फळी परत केली. माझ्या मनात आलं ते मी बोलून टाकलं, "आई, आपलीच आहे. अर्ज करू, घरी मागू." सासूबाई काकांना म्हणाल्या, "ठेव रे आत. घरी नेली तर ही देऊन टाकेल."

बावीस वर्षांनी बोलल्या. मला बरं वाटलं. खरंच बरं वाटलं.

त्यानंतर काकांनी नोंदवही काढली. त्या वहीत जुनं काही खोडायचं नाही असा नियम आहे, पण खाली नवीन लिहिता येतं. वहीत एक रकाना आहे, 'माहिती सांगणाऱ्याचे नाव'. दोनशे चौदा वस्तूंपुढे तिथे पुरुषांची नावं आहेत. चूल, जातं, पाळणा, सगळ्यापुढे पुरुष. काकांनी सासूबाईंचं नाव विचारून लिहिलं. मग विचारलं, "आणि फळीच्या मालकीणबाईंचं नाव?" सासूबाईंनी पुष्कळ आठवून पाहिलं. मोठ्या आईंचं नाव त्यांनी कधी ऐकलंच नव्हतं. शेवटी आमच्या अंगणातल्या जुन्या विहिरीवरून काकांनी लिहिलं, "मोठ्या आई, विहिरीजवळचे घर."

तर आता ताईंना द्यायच्या कागदावर काकांनी नवी ओळ लिहिली आहे. मी वाचून दाखवते. "घरगुती विणकामाची फळी. परकराचे नाडे, पट्टे, पिशव्यांचे बंद विणण्यासाठी बायका वापरत. चौथा दात मोडल्याने तारेने बांधला आहे. पूर्वी चुकून ग्रहणफळी समजली गेली." खाली काकांची सही आहे. शेवटची सरकारी सही. तिच्याशेजारी अध्यक्षांची सही लागते. तिच्याशिवाय हा कागद चालत नाही, आणि मग उद्या फळीबरोबर साहेबाचीच ओळ जाईल, कायमची.

सर, कागद आपल्यापुढे चार दिवस आहे. आपण म्हणालात, "विचार करू." आपण म्हणालात, "राजधानीत आपलं हसं होईल." आपण असंही म्हणालात की निदान 'नाडा' तरी लिहू नका, 'वस्त्रबंध' लिहा. सर, मी आपल्याच शाळेतून मॅट्रिक झाले. तिसऱ्या बाकावर बसायची. आपण शिकवलं होतं की येत नसेल तर जागा कोरी सोडा, पण बघून लिहू नका. साहेबाचं बघून लिहिलं ते आपण सगळ्यांनी लिहिलं, एकट्या सरांनी नाही. आणि हसं कशाने होईल? पूर्वजांनी आकाश बघितलं नसेल असं मी म्हणत नाही, बघितलंच असेल. पण आकाश बघायलासुद्धा माणसाला नेसून उभं राहावं लागतं, आणि ते कशाच्या जोरावर?

हो, हसा. सरही हसले. काय म्हणालात सर? माईक नाहीये, मी सांगते. सर विचारताहेत, "बिल्ल्याचं काय करायचं?" काही करू नका. मुलं लावतात तो बिल्ला लावू द्या. फक्त कोणी विचारलं तर त्यांना खरं सांगता यावं, आणि शनिवारी शेवटच्या तासाला एकदा विणून बघता यावं. सुताराशी मी बोलले आहे, तो फळ्या करून देईल. शिकवायला सासूबाई आहेत. खुंट्यांची सोय मुलं करतील, एकमेकांना बांधून घेतील. आता काका निवृत्तच आहेत, कमी पडली तर तेही येतील.

पेन नाही? हे घ्या माझं. जरा झटका, दोनदा. अडखळतं, पण लिहितं. ताई, आपण जरा कागद धरता का, टेबल हलतंय.

झाली? झाली हो. आई, झाली सही!

टाळ्या काकांसाठी ठेवा. काका, एकतीस वर्षं आपण आमच्या वस्तू सांभाळल्यात, त्याबद्दल आम्ही ऋणी आहोतच. पण मी आभार मानते ते त्या एका सोमवारचे. एवढ्या वर्षांचं पाठ झालेलं भाषण सोडून एका म्हातारीला विचारायला आपण रस्ता ओलांडलात. फार रुंद नाही तो रस्ता, आठ-दहा पावलांचा. साहेबाला जमला नाही, आणि मलाही बावीस वर्षं घरातल्या घरात जमला नाही.

ईश्वर आपल्याला आणि काकूंना उदंड आयुष्य आणि उत्तम तब्येत देवो. काकू, आता ते दिवसभर घरी असतील, डब्यांना हात लावू देणार नाहीत, सांभाळून घ्या. समितीचे, पाहुण्या ताईंचे, आणि विद्यार्थिनीचं न रागावता ऐकून घेतल्याबद्दल सरांचे मनापासून आभार. माझ्या बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल, कोणाला लागलं असेल, तर मोठ्या मनाने पदरात घ्या. आणि माझं काही चुकलंय असं वाटलं तर परस्पर ठरवून टाकू नका, मला विचारा. मी समोरच राहते. दार उघडंच असतं.

नमस्कार.